ढग म्हणावं की तारे?

कृत्तिका नक्षत्रात तारे किती, या प्रश्नाला आपल्याकडे फार जुन्या काळापासून दोन उत्तरं आहेत. कार्तिकेयाला दूध पाजणाऱ्या कृत्तिका सहा, म्हणून तो षाण्मातुर. तैत्तिरीय परंपरेत मात्र नावं सात येतात : अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयंती, मेघयंती, वर्षयंती आणि चुपुणीका. यातल्या तीन नावांत ढग आणि पाऊस भरलेला आहे. तिकडे ग्रीकांनीही सात बहिणी सांगितल्या आणि दिसतात सहाच, हे मान्य करून सातवी कुठं हरवली याच्या कथा रचल्या. त्रिपुरी पौर्णिमेचा चंद्र याच तारकांच्या आसपास असतो. तो दोन आठवड्यांनी अवसेला लोपला, की गावाबाहेरच्या काळोखात उभं राहून हा वाद स्वतः तपासता येतो. साधारण नजरेला सहा तारे सहज मोजता येतात. तीक्ष्ण नजरेला नऊ-दहाही सापडतात. केप्लरचा गुरू मायकेल मेस्टलिन यानं १५७९ साली, म्हणजे दुर्बिणीचा जन्मही झाला नव्हता तेव्हा, कृत्तिकांतले ११ तारे नोंदवले होते.

या पुंजक्याविषयीची मला सर्वांत मोलाची वाटणारी जुनी नोंद शतपथ ब्राह्मणात आहे. तिथं दोन गोष्टी सांगितल्या आहेत. एक, इतर नक्षत्रांत एक, दोन, तीन किंवा चार तारे असतात, पण कृत्तिका संख्येनं सर्वांत जास्त आहेत. दोन, बाकीची नक्षत्रं पूर्व दिशेपासून ढळतात, कृत्तिका ढळत नाहीत. पहिल्या वाक्यात तारकांच्या दाटीची जाणीव आहे. दुसऱ्या वाक्याचं महत्त्व ओळखलं ते कोकणातल्या मुरूडच्या शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी. आज कृत्तिका बरोबर पूर्वेला उगवत नाहीत. महाराष्ट्रातून पाहिलं तर पूर्वबिंदूच्या सुमारे २५ अंश उत्तरेला उगवतात. पृथ्वीचा आस सुमारे २६,००० वर्षांत एक फेरी या गतीनं डोलतो, त्यामुळं ताऱ्यांच्या उगवण्याच्या जागा शतकानुशतकं सरकत राहतात. मग कृत्तिका नेमक्या पूर्वेला उगवत होत्या तो काळ कोणता? दीक्षितांनी गणित मांडलं आणि उत्तर आलं इ.स.पू. ३००० च्या सुमाराचं. त्यांचा ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ हा ग्रंथ १८९६ साली प्रसिद्ध झाला. शतपथ ब्राह्मणाचा काळ यावरून ठरवावा की नाही, यावर विद्वानांचं एकमत झालेलं नाही, कारण जुनं निरीक्षण नव्या ग्रंथात परंपरेनं येऊ शकतं. तरीही एका शिक्षकानं एका वाक्यावरून आकाशाचं घड्याळ मागं फिरवून पाहावं, ही मराठीतल्या विज्ञानलेखनाची फार मोठी मिळकत आहे.

कृत्तिकांत निदान तारे वेगळे दिसतात. काही ठिकाणी तेवढंही दिसत नाही, नुसता धुरकट डाग दिसतो. पुष्य नक्षत्राच्या कर्क राशीतल्या अंधूक ताऱ्यांमध्ये असा एक डाग आहे. ग्रीक कवी अराटस यानं इ.स.पू. तिसऱ्या शतकात लिहून ठेवलं की आकाश निरभ्र असूनही हा डाग दिसेनासा झाला तर वादळ येणार असं समजावं. त्यात तथ्य आहे : हवेत बाष्प वाढलं, उंचावर विरळ पडदा आला, की सर्वांत आधी अशाच अंधूक वस्तू नाहीशा होतात. आपल्याकडेही पुष्याचं आणि पावसाचं नातं आहे, पण ते निराळ्या हिशेबानं. सूर्य पुनर्वसूत असताना पडतो तो तरणा पाऊस आणि पुष्यात असताना पडतो तो म्हातारा, असं शेतकरी म्हणतात. त्या दिवसांत पुष्य सूर्यासोबतच उगवतं आणि मावळतं, त्यामुळं हा डाग आकाशात दिसण्याचा प्रश्नच येत नाही.

दुसऱ्या शतकात अलेक्झांड्रियाच्या टॉलेमीनं ताऱ्यांची मोठी यादी केली तेव्हा त्यानं काही ताऱ्यांपुढं ‘ढगाळ’ असा शेरा मारला. त्यांत पुष्यातला हा डाग होता आणि वृश्चिकाच्या नांगीमागचा एक पुंजकाही होता. तो आज एम ७ म्हणून ओळखला जातो (एम म्हणजे पुढं ज्याची गोष्ट येते त्या मेसिएच्या यादीतला क्रमांक). मे महिन्यात रात्री उशिरा दक्षिणेकडं वृश्चिक वर आला की नांगीच्या डावीकडं तो नुसत्या डोळ्यांनी दिसतो. आठशे वर्षांनंतर, ९६४ साली, इराणच्या अब्दुल रहमान अल सूफी यानं टॉलेमीची यादी आकाशाशी ताडून पाहिली. त्यानं देवयानीतल्या छोट्या ढगाची नोंद केली. ती आपल्या शेजारची दीर्घिका निघाली. त्याच्या ग्रंथात दक्षिण आकाशातल्या एका तारकागुच्छाचीही नोंद आहे. मात्र ढगाळ म्हणजे नेमकं काय, हे डोळ्यांच्या बळावर ठरणं शक्य नव्हतं. पुढच्या साडेसहाशे वर्षांत ते कोणीही ठरवू शकलं नाही.

ते ठरवण्याचा पहिला प्रयत्न गॅलिलिओनं केला. मार्च १६१० मध्ये व्हेनिसला छापलेल्या त्याच्या लहानशा पुस्तकात चंद्रावरचे डोंगर आणि गुरूचे चार चंद्र आहेत, म्हणून लोकांचं लक्ष तिथंच जातं. पण त्याच पुस्तकात त्यानं कृत्तिकांकडंही दुर्बीण वळवली आहे. सहा ताऱ्यांच्या आसपास, फार तर अर्ध्या अंशाच्या अंतरात, डोळ्यांना न दिसणारे ४०हून अधिक तारे त्याला सापडले. त्यांतले ३६ त्यानं चित्रात मांडले. पुष्यातल्या डागाचंही तसंच झालं. तो ढग नव्हताच. ती चाळीसहून जास्त ताऱ्यांची गर्दी होती. आकाशगंगेचा पट्टाही दुर्बिणीत ताऱ्यांत फुटला. यावरून गॅलिलिओनं धाडसी निष्कर्ष काढला की आकाशातले ढगाळ डाग म्हणजे जवळजवळ असलेले बारीक तारेच होत. हा निष्कर्ष अर्धा खरा आणि अर्धा खोटा होता. त्याचा खोटा अर्धा भाग उघड व्हायला १८० वर्षं लागली.

आता ज्या माणसाविषयी मला सविस्तर सांगायचं आहे तो सिसिलीचा. जोव्हान्नी बात्तिस्ता होदिएर्ना १५९७ साली रागुझा गावात जन्मला आणि धर्मगुरू झाला. गॅलिलिओच्या शोधांनी तो भारावलेला होता. सिसिलीच्या दक्षिण किनाऱ्याजवळ पाल्मा दि मोंतेक्यारो नावाचं गाव तोमासी घराण्यातल्या भावांनी १६३७ साली वसवलं. होदिएर्ना त्यांच्या आश्रयानं तिथं राहिला. (याच घराण्यातला वंशज पुढं विसाव्या शतकात ‘इल गात्तोपार्दो’ ही गाजलेली कादंबरी लिहिणार होता आणि तिच्या नायकालाही खगोलाचा छंद असणार होता.) होदिएर्नाला कशाचं कुतूहल नव्हतं असं नाही. त्यानं सूक्ष्मदर्शकाखाली माशीचा डोळा पाहून पुस्तक लिहिलं, गुरूच्या चंद्रांची कोष्टकं तयार केली. आणि साधी, गॅलिलिओच्या पद्धतीची, २० पट मोठं दाखवणारी दुर्बीण घेऊन त्यानं आकाशातले धुरकट डाग गोळा केले.

त्याचं पुस्तक पालेर्मोला १६५४ साली छापलं गेलं. पहिल्या भागात धूमकेतू होते आणि दुसऱ्यात आकाशातल्या या विस्मयकारक खुणा. त्यानं त्यांचे तीन वर्ग केले. नुसत्या डोळ्यांनाही ज्यांत तारे दिसतात ते तेजस्वी. डोळ्यांना धूसर पण दुर्बिणीत तारे दाखवणारे ते धूसर. आणि दुर्बिणीतही ज्यांचे तारे वेगळे होत नाहीत ते गुप्त. मला या वर्गवारीचं फार अप्रूप वाटतं. ही वस्तूंची वर्गवारी नाही, आपल्या नजरेच्या मर्यादेची आहे. गुप्त म्हटलेल्या डागांतही तारेच असणार, फक्त माझी दुर्बीण तोकडी आहे, असं तो मानत होता. सारथी समूहातले तीन सुंदर गुच्छ, म्हणजे आजचे एम ३६, एम ३७ आणि एम ३८, त्यानं पाहिले होते. व्याधाच्या खाली चार अंशांवर असलेला एम ४१ आणि वृश्चिकाच्या शेपटीजवळचा एम ६ ही त्याच्या यादीत होता. दुर्बिणीचा वापर करून आकाशातल्या अंधूक वस्तूंची स्वतंत्र यादी करणारा हा पहिला माणूस.

आणि त्याचं नाव युरोपला माहीतच झालं नाही. पॅरिस आणि लंडनच्या अभ्यासकांपर्यंत पालेर्मोचं पुस्तक पोचलं नाही, किंवा पोचलं तरी कुणी उघडून पाहिलं नाही. त्याच्यानंतर आलेल्यांनी तेच गुच्छ पुन्हा शोधले आणि शोधाचं श्रेय आपल्या नावावर लावलं, तेही प्रामाणिकपणे. सारथीतल्या दोन गुच्छांची नोंद १७४९ साली पॅरिसच्या गियोम ल जांतीनं केली. हा ल जांती पुढं शुक्राचं अधिक्रमण पाहण्यासाठी भारतात निघाला. १७६१ साली पुदुच्चेरी इंग्रजांच्या ताब्यात गेल्यामुळं त्याला ते अधिक्रमण डुलणाऱ्या जहाजावरून पाहावं लागलं. १७६९ च्या अधिक्रमणासाठी तो इकडंच थांबला, पुदुच्चेरीत वेधशाळा उभारली आणि नेमक्या त्या सकाळी ढग आले. होदिएर्नाची यादी मात्र १९८० च्या दशकात इतिहासकारांनी पुन्हा वाचून आजच्या आकाशाशी जुळवली. तोवर ३३० वर्षं लोटली होती.

तारकागुच्छांच्या शोधांत एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते. ते बहुतेक वेळा दुसरंच काहीतरी पाहणाऱ्याला सापडले. लाइपझिगच्या टपालखात्यात काम करणारा अब्राहम इले २६ ऑगस्ट १६६५ रोजी शनी पाहत होता. शनी धनु राशीत होता आणि त्याच्या वाटेजवळ एक गोल धुरकट डाग होता. तोच एम २२, नोंद झालेला पहिला गोलाकार तारकागुच्छ. गॉटफ्रीड किर्श या पंचांगकर्त्याला १६८१ साली ढाल समूहातला दाट गुच्छ, एम ११, सापडला. त्याची पत्नी मारिया मार्गारेटे हीसुद्धा मुरलेली निरीक्षक होती. एप्रिल १७०२ मध्ये तिनं स्वतः एक धूमकेतू हेरला होता. तो पाहत असतानाच ५ मे रोजी या दांपत्याला सर्प समूहात आणखी एक गोल डाग दिसला, आजचा एम ५. पती गेल्यावर बर्लिनच्या अकादमीत पंचांगाचं काम आपल्याला मिळावं म्हणून मारियानं अर्ज केला. अकादमीचा अध्यक्ष लाइबनिट्झ तिच्या बाजूनं होता, तरी अर्ज नामंजूर झाला. काम ती वर्षानुवर्षं करतच होती. प्रश्न फक्त बाईच्या नावावर पद द्यायचं की नाही, एवढाच होता.

एडमंड हॅलीची गोष्ट इथंच सांगायला हवी. विशीत असताना तो दक्षिणेचे तारे मोजायला सेंट हेलेना बेटावर गेला. नरतुरंग समूहातल्या ज्या ठिपक्याला टॉलेमीनं तारा म्हटलं होतं आणि बायरनं १६०३ च्या नकाशात ओमेगा हे अक्षर दिलं होतं, तो तारा नसून धूसर वस्तू आहे हे १६७७ साली त्याच्या लक्षात आलं. हा ओमेगा सेंटॉरी सुमारे १७,००० प्रकाशवर्षं दूर आहे आणि त्यात कोटीभर तारे आहेत. पॅरिसहून तो कधीच क्षितिजावर येत नाही. आपल्याकडं मात्र एप्रिल-मेच्या रात्री दक्षिणेला तो २०-२६ अंश वर येतो. कोकण किनाऱ्यावरून किंवा सह्याद्रीच्या एखाद्या पठारावरून, दक्षिणेला गावाचे दिवे नसतील तर, तो नुसत्या डोळ्यांनी फुगलेल्या ताऱ्यासारखा दिसतो. इथल्या निरीक्षकाला मिळालेलं हे भौगोलिक वरदान आहे आणि आपण त्याचा पुरेसा लाभ घेत नाही, असं मला वाटतं.

१७१४ साली हॅलीला शौरी समूहातला एम १३ सापडला. दोन वर्षांनी त्यानं सहा धूसर डागांची यादी प्रसिद्ध केली आणि तीत गॅलिलिओच्या उलट मत मांडलं : हे डाग म्हणजे अवकाशात पसरलेलं, स्वतःच्या प्रकाशानं उजळणारं काहीतरी माध्यम आहे. त्या सहांपैकी चार, एम १३, एम २२, एम ११ आणि ओमेगा सेंटॉरी, ताऱ्यांचे गुच्छ आहेत. पाचवी देवयानी दीर्घिका, तीही ताऱ्यांचीच. हॅलीचं मत फक्त सहाव्याला, मृग नक्षत्रातल्या तेजोमेघाला, लागू पडतं. गॅलिलिओला सगळे तारे वाटले, हॅलीला सगळा ढग वाटला. दोघांच्याही हाती दुर्बीण होती.

स्वित्झर्लंडच्या द शेझोनं १७४५-४६ मध्ये वीसेक डागांची यादी केली, त्यात एम ४ आणि एम ३५ होते. ती पॅरिसच्या अकादमीत वाचली गेली आणि शतकाहून अधिक काळ न छापता पडून राहिली. लाकाय यानं आफ्रिकेच्या केप ऑफ गुड होपला जाऊन, अर्ध्या इंचाच्या भिंगाच्या इवल्याशा दुर्बिणीतून, दक्षिणेचे दहा हजारांच्या आसपास तारे आणि ४२ धूसर वस्तू नोंदल्या. मग येतो शार्ल मेसिए. त्याचं नाव सगळ्यांना माहीत आहे, म्हणून त्याच्याविषयी थोडक्यातच लिहितो. पॅरिसच्या ओतेल द क्ल्युनीच्या छतावरून तो धूमकेतू शोधत असे आणि धूमकेतूसारखे दिसणारे स्थिर डाग त्याला चकवत. ऑगस्ट १७५८ मध्ये वृषभेतल्या अशाच एका डागानं फसवल्यावर त्यानं या चकव्यांची यादी करायला घेतली. पहिला भाग ४५ वस्तूंचा, तो १७७४ मध्ये आला. १७८१ च्या आवृत्तीत त्या १०३ झाल्या. पुढच्या अभ्यासकांनी भर घालून हा आकडा ११० वर नेला आणि त्यांत पन्नासहून जास्त तारकागुच्छ आहेत. त्याला स्वतःला त्या गुच्छांचं काही खास आकर्षण नव्हतं. एम १३ विषयी तर त्यानं लिहिलं की यात एकही तारा नाही. आज सहा-आठ इंची दुर्बीण घेऊन मे-जूनच्या रात्री एखादा शाळकरी मुलगा तिकडं पाहील तर काठावरचे तारे त्याला सुटे दिसतील. मेसिएची दृष्टी कमी नव्हती. त्याच्या दुर्बिणी कमी पडल्या. मात्र एम ४ मधले तारे पहिल्यांदा वेगळे पाहणारा तोच, हेही नोंदवायला हवं.

इथवर सगळे जण एकच प्रश्न विचारत होते : या डागात तारे आहेत की नाहीत? तारे असतील तर ते एकत्र का आहेत, हा त्याहून खोल प्रश्न कुणी विचारला नव्हता. दिसायला जवळ असलेले दोन तारे प्रत्यक्षात एकमेकांपासून शेकडो प्रकाशवर्षं दूर असू शकतात. एक जवळचा आणि एक लांबचा, योगायोगानं एका रेषेत आलेला. मग कृत्तिका तरी खरंच एकत्र आहेत, हे कशावरून?

हा प्रश्न इंग्लंडच्या जॉन मिशेलनं विचारला. तो केंब्रिजमध्ये शिकवत होता आणि नंतर यॉर्कशरच्या थॉर्नहिल गावी धर्मगुरू झाला. भूकंपाच्या लाटांवर त्यानं १७६० साली लिहिलं. पृथ्वीचं वजन करण्यासाठी कॅव्हेंडिशनं पुढं वापरलेलं उपकरण मुळात त्याच्या कल्पनेतलं होतं. प्रकाशही सुटू शकणार नाही एवढ्या जड ताऱ्यांची शक्यता त्यानं १७८३ साली वर्तवली. १७६७ साली त्यानं कृत्तिकांचं गणित मांडलं. अंगणात ज्वारीचे दीड हजार दाणे डोळे मिटून उधळले, तर त्यांतले सहा दाणे एका तळहाताएवढ्या जागेत येऊन पडण्याचा संभव किती? मिशेलनं असाच हिशेब केला. कृत्तिकांतल्या सहा ताऱ्यांइतके किंवा त्याहून तेजस्वी असे सुमारे १५०० तारे आकाशात आहेत असं त्यानं धरलं. ते कसेही विखुरले असते तर त्यांतले सहा एवढ्या लहान जागेत योगायोगानं येण्याची शक्यता पाच लाखांत एक इतकी कमी होती. म्हणजे कृत्तिकांना एकत्र ठेवणारं काहीतरी कारण आहे, मग तो सृष्टिकर्त्याचा नियम असो की गुरुत्वाकर्षणासारखा निसर्गनियम. ताऱ्यांच्या अभ्यासात शक्यतेच्या गणिताचा असा वापर आधी कुणी केला नव्हता. नवी दुर्बीण लागली नाही, एकही नवा तारा दिसला नाही. जे सगळ्यांना हजारो वर्षं दिसत होतं त्यातूनच मिशेलनं पुरावा काढला. या सगळ्या इतिहासातला सर्वांत मोठा शोध मी यालाच मानतो.

हा पुरावा तपासून पाहण्याची ताकद असलेल्या दुर्बिणी विल्यम हर्शेलनं घडवल्या. हानोव्हरहून इंग्लंडात आलेला हा संगीतकार बाथ शहरात स्वतःच्या हातानं धातूचे आरसे घासून घडवत असे. १७८१ साली युरेनस सापडल्यानं तो जगप्रसिद्ध झाला. त्याची बहीण कॅरोलिन आधी गायिका होती. भावाच्या ओढीनं तिला दुर्बिणीपुढं बसावं लागलं. दहाव्या वर्षी झालेल्या आजारानं तिची उंची सव्वाचार फुटांवर खुंटली होती. घरच्यांनी तिला आयुष्यभर स्वयंपाकघरात राबायचं म्हणूनच वाढवलं होतं. १७८२-८३ मध्ये भावानं दिलेल्या छोट्या दुर्बिणीतून ती आकाश धुंडाळू लागली आणि २६ फेब्रुवारी १७८३ रोजी बृहल्लुब्धक समूहात तिला मेसिएच्या यादीत नसलेला एक तारकागुच्छ सापडला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात शर्मिष्ठेत दुसरा सापडला, शेकडो बारीक ताऱ्यांचा, मोठ्या दुर्बिणीत अतिशय देखणा. विल्यमनं १७८३ च्या अखेरीस पट्ट्यापट्ट्यानं सगळं आकाश तपासायला घेतलं. तो वीस फुटी दुर्बिणीपाशी उंच मचाणावर उभा राहून दिसेल ते ओरडून सांगायचा आणि कॅरोलिन खिडकीशी दिव्याच्या उजेडात वेळ व स्थान लिहून घ्यायची. दिवसा ती त्याची गणितं करून स्वच्छ प्रत तयार करायची. वीस वर्षांत या जोडीनं २५०० धूसर वस्तू आणि गुच्छ नोंदले. १७८७ पासून तिला राजाकडून वर्षाला ५० पौंड मिळू लागले. विज्ञानाच्या कामाचा पगार मिळालेल्या पहिल्या काही स्त्रियांत तिची गणना होते. १८२८ साली लंडनच्या रॉयल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीनं तिला सुवर्णपदक दिलं.

हर्शेलच्या दुर्बिणीत मेसिएचे बरेच ‘तारे नसलेले’ डाग ताऱ्यांत फुटले. एम १३ मध्ये त्यानं १४,००० तारे असावेत असा अंदाज केला. प्रत्यक्षात ते काही लाख आहेत. मग गॅलिलिओच बरोबर, पुरेशी मोठी दुर्बीण असली की प्रत्येक ढग फुटणार, असं त्याला वाटू लागलं. १३ नोव्हेंबर १७९० च्या रात्री मात्र त्याला वृषभेत एक तारा दिसला आणि त्याच्याभोवती फिकट, गोल, एकसारखा प्रकाश होता. तारा मधोमध असल्यामुळं तो त्या धुक्याचाच भाग होता, हे उघड होतं. ते धुकं दूरच्या ताऱ्यांचं म्हणावं तर मधला तारा अशक्य एवढा प्रचंड ठरत होता. मतं बदलणं विद्वानांना सहसा जमत नाही. हर्शेलनं ते जाहीरपणे केलं. आकाशात ताऱ्यांचे गुच्छ आहेत आणि खरेखुरे ढगही आहेत, दोन्ही वेगळे आहेत, असं त्यानं लिहिलं.

मिशेलच्या गणिताला प्रत्यक्ष पुरावा मिळायला आणखी शतक जावं लागलं. रोहिणीच्या आसपास इंग्रजी व्ही अक्षराच्या आकारात दिसणारे तारे हायडीज या गुच्छाचे आहेत. तेजस्वी तांबूस रोहिणी मात्र त्यांच्यातली नाही, ती निम्म्याहून कमी अंतरावर आहे. अमेरिकेच्या लुइस बॉसनं १९०८ साली या गुच्छातल्या ताऱ्यांच्या गती मोजल्या आणि ते सगळे आकाशातल्या एकाच बिंदूकडं चालले आहेत हे दाखवलं. एकत्र चालतात ते एकत्र जन्मलेले. त्या गतीतूनच त्यांचं अंतरही काढता आलं. आजच्या मापानं ते सुमारे १५० प्रकाशवर्षं आहे.

एकत्र जन्म ही गोष्ट साधी वाटते, पण ताऱ्यांचं आयुष्य समजण्याची सगळी भिस्त तिच्यावर आहे. गुच्छातले तारे एका वयाचे आणि एका अंतरावरचे असल्यामुळं त्यांच्यातला फरक फक्त वजनाचा उरतो. जड निळे तारे आपलं इंधन झपाट्यानं संपवतात, हलके तांबूस तारे संथपणे जळतात. कुठल्या वजनाचे तारे संपले आहेत हे पाहिलं की गुच्छाचं वय कळतं. कृत्तिकांचं वय सुमारे १० कोटी वर्षं, हायडीज आणि पुष्यातला गुच्छ ६० कोटींच्या पुढं, आणि एम १३ सारखे गोलाकार गुच्छ हजार कोटींहून अधिक. कृत्तिकांचे निळे तारे जन्मले तेव्हा पृथ्वीवर डायनोसॉर वावरत होते.

गोलाकार गुच्छांनी तर आपला पत्ताच बदलला. हार्लो शॅप्लीनं १९१८ च्या सुमारास माउंट विल्सन वेधशाळेत त्यांची अंतरं काढली. त्यांचा मोठा वाटा आकाशाच्या एकाच बाजूला, धनु राशीच्या दिशेला, दाटलेला आहे. गुच्छ आकाशगंगेच्या केंद्राभोवती पसरलेले असतील, तर केंद्र तिकडं आहे आणि सूर्य कुठंतरी कडेला. तोवर सूर्य मध्यभागी आहे असं बहुतेकांना वाटत होतं. शॅप्लीनं काढलेलं अंतर मात्र खऱ्या २६,००० प्रकाशवर्षांच्या दुपटीहून जास्त आलं. त्यामागच्या कारणांपैकी एक १९३० साली रॉबर्ट ट्रम्प्लरनं खुल्या, म्हणजे कृत्तिकांसारख्या विरळ, गुच्छांवरूनच शोधलं : ताऱ्यांमधल्या धुळीनं प्रकाश मंदावतो आणि वस्तू आहेत त्यापेक्षा लांब वाटतात.

गुच्छ शोधण्याचं काम संपलेलं नाही, फक्त त्याची पद्धत बदलली आहे. २०१३ च्या डिसेंबरात अवकाशात गेलेल्या गाया यानानं शंभर कोटींहून जास्त ताऱ्यांची स्थानं आणि गती मोजल्या. कोणते तारे बरोबरीनं चालले आहेत हे आता संगणक त्या आकड्यांत शोधतो. ज्यांचे तारे इतरांत मिसळून गेलेले आहेत आणि दुर्बिणीतून पाहून कुणाला संशयही आला नसता, असे शेकडो नवे खुले गुच्छ त्यातून सापडले आहेत. २०१७ साली सर्गेई कोपोसोव आणि त्याच्या सहकाऱ्यांनी गायाच्या पहिल्याच आकड्यांत ताऱ्यांची एक अनपेक्षित दाटी जाहीर केली. तो गुच्छ सुमारे १५,००० प्रकाशवर्षांवर आहे आणि मुळीच लहान नाही. आकाशात तो व्याधापासून चंद्राच्या व्यासाच्या एक तृतीयांशाइतक्या अंतरावर आहे, होदिएर्नाच्या एम ४१ पेक्षाही कितीतरी जवळ. सर्वांत तेजस्वी ताऱ्याच्या झगमगाटात तो चार शतकं सगळ्या दुर्बिणींसमोर लपून राहिला होता. ही बातमी आल्यावर हौशी निरीक्षकांनी व्याधाला चौकटीच्या बाहेर ठेवून दुर्बीण रोखली आणि साध्या उपकरणांनीही त्याचं छायाचित्र घेता आलं.